दाढोबा कुणाला हात करतो

दि. १२ नोव्हेंबर

प्रिय वन्संना,

नमस्कार. तुम्ही पाठवलेलं सामान गेल्या आठवड्यात पोचलं. मिळालं ते असं: काचेची पेटी एक, न फुटता. उन्हाचा दिवा एक, त्याच्या जोडीची लांब नळी एक. तापमापक दोन. बसायची फांदी, चपटा दगड. कॅल्शियमच्या पुडीचा डबा, अर्धा भरलेला. जिवंत किड्यांचा डबा, त्यातले निम्मे वाटेतच देवाघरी गेले होते. आणि जाळीच्या खोक्यात तुमचा तो सरडा, दाढोबा, डोळे मिटून, जसं काही आपलं या सगळ्याशी देणंघेणं नाही. भाडं तुम्ही भरलेलं असूनही गाडीवाल्याने वर साठ मागितले, तीस दिले. वर चढवायला हमाली चाळीस. मागायचं म्हणून लिहीत नाही, पोच म्हणून लिहिते.

भाचेबुवा शिकायला गेले, वसतिगृहात माणसांनाच जागा अपुरी, तिथे सरड्याला कोण घेणार. तुम्ही विचारलंत आणि मी यांना न विचारताच हो म्हणून बसले. पण तुमच्या दादांनी पेटीकडे लांबूनच पाहिलं आणि म्हणाले, "राहू दे. आईला सोबत होईल." यांचा आवाज तुम्हाला ठाऊकच आहे, कधी चढत नाही.

म्हणून पेटी आईंच्या खोलीत ठेवली. पलंगासमोर टेबल होतंच, वाराही लागत नाही, आणि दिव्याची ऊब फुकट जाण्यापेक्षा आईंच्या पायांना लागलेली बरी. बिल एक, कामं दोन.

पहिल्याच दिवशी माझी चूक झाली. मांजराच्या पिल्लाला उचलावं तसा वरून हात घातला. अहो, तो एवढासा जीव फुगून दुप्पट झाला, गळ्याखालची ती काटेरी दाढी बाहेर आली आणि बघता बघता काळी पडली, शाई सांडावी तशी. मी हात काढला आणि देवाचं नाव घेतलं. संध्याकाळी भाचेबुवांचा फोन आला. यांनी तो मोठ्या आवाजावर टाकून मधे ठेवला, म्हणजे सगळ्यांना ऐकू येतं.

"मामी, वरून हात नाही घालायचा. वरून येतं ते आपल्याला उचलून न्यायला येतं, असं वाटतं त्याला. बाजूने, खालून, हळू. आधी नुसता हात ठेवून बसायचं."

"किती वेळ बसू? मला दुसरी कामं नाहीत?"

"तो येईल तेव्हा येईल. आणि शेपटी धरायची नाही. उचललात तर चारही पाय हातावर टेकले पाहिजेत, नाहीतर घाबरतो. हात आधी धुवायचे आणि नंतर पण, साबणाने. आजीच्या पलंगावर तर त्याला सोडूच नका. सरड्यांच्या अंगावर जंतू असतात, आजारी माणसाला बाधतात."

हात धुण्याचं मला शिकवायला नको, देवाला हात लावायच्या आधी मी धुतेच. आता सरड्याला लावायच्या आधीही धुते. दोघांचा मान सारखा झाला.

आईंबद्दल मी लिहू नये असं तुमच्या मनात असतं. इतक्या वर्षांत तुम्ही या घराची पायरी चढला नाहीत, त्याचं कारण मी कधी विचारलं नाही. पण आता न लिहून चालणार नाही. गेल्या वर्षीच्या झटक्यात वाचा गेली ती गेलीच. उजवं अंग लाकूड. डावा हात तेवढा हलतो, तोही मनात आलं तर. आणि हल्ली त्या सुकत चालल्या आहेत. अंथरुणातलं माणूस दिवसेंदिवस लहान होतंय. लघवीत परत जंतू सापडले. घरी येणारे डॉक्टर म्हणाले, "पाणी कमी पडतंय. असंच चाललं तर मूत्रपिंडं दगा देतील, मग मी काही करू शकणार नाही."

मला हे समजत नाही. सकाळचं सगळं माझ्याकडे असतं, पण सकाळी त्यांना ठसका लागतो, घोटभराच्या पुढे जात नाही. म्हणून डॉक्टरांनी दिवसाचं मुख्य पाणी संध्याकाळी, उशांना टेकवून बसवून द्यायला सांगितलं. ते काम तुमचे दादा स्वतः करतात. कामावरून आले की दार लोटून घेतात, कारण आईंना गडबड सोसत नाही. तांब्या भरून आत जातो, रिकामा होऊन बाहेर येतो. डॉक्टर म्हणतात, असा मुलगा दिवा घेऊन शोधला तरी मिळायचा नाही. मीही तेच म्हणते. मग ते पाणी जातं कुठे?

असो. दाढोबाच्या पाल्याचा खर्च मात्र वाचला. आईंच्या खिडकीखाली कोवळा पाला भरपूर उगवलाय. बाकी अंगण वाळून गेलंय, तेवढाच पट्टा हिरवागार आहे. रोज मूठभर खुडून आणते.

एक विचारायचं राहिलं. दोन-तीनदा बघितलं म्हणून विचारते. संध्याकाळ झाली की दाढोबा फांदीवरून दाराकडे तोंड करतो आणि पुढचा एक पाय उचलतो. उचलून हवेत सावकाश गोल फिरवतो आणि खाली ठेवतो. अगदी माणसाने हात करावा तसा. तुमच्याकडे असा हात करायचा का? करत असेल तर कुणाला?

तुमची वहिनी


दि. ४ डिसेंबर

प्रिय वन्संना,

नमस्कार. तुमचं कार्ड मिळालं. दोनच ओळी, पण मिळालं. "आमच्याकडे त्याने कधी कुणाला हात केला नाही. बाकी मला काही विचारू नका." बरं, नाही विचारत. मी आपली सांगते, तुम्ही आपलं वाचा.

दाढोबाची आणि माझी आता ओळख झाली आहे. भाचेबुवांनी सांगितल्याप्रमाणे माझ्या जुन्या, न धुतलेल्या कपड्याचा तुकडा पेटीत ठेवला, म्हणजे वास ओळखीचा होतो. मी रोज दुपारी पेटीचं दार उघडून जमिनीवर बसायची, हात आत ठेवून, जप करत. त्याने बरेच दिवस मला भाव दिला नाही. मग एकदा येऊन जिभेने बोट चाटून पाहिलं आणि परत गेला, जसं काही चव पसंत पडली नाही. दुसऱ्या दिवशी मात्र सरळ तळहातावर चढून बसला. अंग ऊनऊन, वाळूच्या पिशवीसारखं. आता मला बघून दाढी काळी करत नाही. किड्यांचा खर्च परवडेना म्हणून कोंड्याच्या डब्यात अळ्या वाढवल्या आहेत. घरातले म्हणतील ही बाई आता अळ्याही पाळायला लागली. पण घरात म्हणणारं आहे कोण?

तरीही तो मधेच काचेवर नखं घासत उभा राही. म्हणून त्याला जनावरांच्या डॉक्टरकडे नेलं. डॉक्टरीणबाई आहेत, तरुण, बोलायला रोखठोक. त्यांनी त्याला टेबलावर ठेवला नाही, स्वतः खाली बसल्या.

"काचेत त्याला स्वतःचंच प्रतिबिंब दिसतं," त्या म्हणाल्या. "त्याला वाटतं दुसरा कुणी आपल्या जागेत घुसलाय. तिन्ही बाजूंनी बाहेरून कागद चिकटवा, पुढची उघडी ठेवा."

मग त्यांनी त्याच्या डोक्याच्या मधोमध एक फिकट ठिपका दाखवला. "हा तिसरा डोळा. याने दिसत नाही, पण उजेड-सावली कळते. वरून सावली पडली की त्याला आधी इथे कळतं." वन्सं, मी मनातल्या मनात हात जोडले. देवाने एवढ्याशा जिवाला दिला आहे, आपल्याला दिला नाही.

मी हात करण्याचं विचारलं. त्या म्हणाल्या, "ती त्यांची बोली आहे. आपल्यापेक्षा मोठं, जबरदस्त कुणी समोर आलं की ते असा हात करतात. मी तुम्हाला पाहिलंय, मी लहान आहे, मला काही करू नका, असा त्याचा अर्थ."

"आणि दाढी काळी?"

"घाबरला किंवा चिडला. दोन्ही एकदम असेल तर वाईट. घरात कुणी त्याला त्रास देतं का?"

मी म्हटलं, "त्याला कुणी हातसुद्धा लावत नाही." हे खरं आहे. त्याला कुणी हात लावत नाही.

कागद चिकटवले. मागचा नीट बसला नाही, पण नखं घासणं थांबलं. दिवसभर दगडावर पडून असतो, तोंड उघडं टाकून. डॉक्टरीणबाई म्हणाल्या ते आजारपण नाही, ऊन जास्त झालं की ते तसंच करतात. मीही निर्धास्त झाले. पण संध्याकाळी परत तेच. दाराकडे तोंड, दाढी काळी, एक पाय वर, गोल फिरवून खाली. आता तर प्रतिबिंबही नाही.

आता जे लिहिते ते वाचून मला वेड लागलं म्हणू नका.

परवा दिवेलागणीला मी आईंच्या उशा सारख्या करत होते. जिन्यात यांच्या बुटांचा आवाज आला. दाढोबा फांदीवर ताठ झाला आणि त्याने हात केला. ते मला आता सवयीचं झालंय. पण त्याच वेळी माझ्या कोपराजवळ काहीतरी हललं. आईंचा डावा हात. कितीतरी दिवसांत न हललेला तो हात चादरीवरून उचलला गेला, मनगटातून सावकाश गोल फिरला आणि खाली आला. तेवढाच संथ. तेवढाच गोल. मग दोघंही निश्चल, चारही डोळे दाराकडे. पापणीसुद्धा नाही. त्या दिव्याच्या पिवळ्या उजेडात मला क्षणभर कळेना की कुणाचा जीव कुणात आहे.

मी जपाची माळ घेऊन बाहेर येऊन बसले.

दुसरं असं, दाढोबाला वाटीतलं पाणी दिसत नाही, त्याच्या नाकाच्या शेंड्यावर ड्रॉपरने थेंब सोडावे लागतात, मग तो चाटून पितो. काल मी असे थेंब सोडत होते आणि सहज मागे पाहिलं. आईंचं तोंड उघडं होतं. थेंब पडला की त्यांची जीभ हले. ड्रॉपर माझ्या हातात, थेंब सरड्याच्या नाकावर, आणि घोट घ्यायचा प्रयत्न पलंगावर. खोटं कशाला लिहू, मी ड्रॉपर ठेवून खोलीतून निघून आले.

यांना सांगितलं. हे हसले. "नक्कल करतेय. म्हातारपणी माणूस लहान मूल होतं. करू दे." मग आत जाऊन आईंच्या डोक्यावर हात ठेवून उभे राहिले. मी दारातून पाहिलं. आई हलल्या नाहीत. पेटीत दाढोबा कोळशासारखा झाला होता.

मी दिवसभरात त्या खोलीत दहादा जाते-येते. मला बघून तो हात करत नाही. डॉक्टर आले, त्यांना केला नाही. दूधवाला दारापर्यंत येऊन डोकावून गेला, त्यालाही नाही.

हे मी सरड्याबद्दल लिहिते आहे, असंच समजा. आणि जमलं तर या वेळी दोनापेक्षा जास्त ओळी लिहा.

तुमची वहिनी


दि. २१ डिसेंबर

प्रिय वन्संना,

हे पत्र मी डॉक्टरीणबाईंच्या दवाखान्यात बसून लिहिते आहे. दाढोबाचं नख दुखावलंय असं सांगून घरातून निघाले. नखाला काही झालेलं नाही. खोटं बोलले, देव क्षमा करील.

तुमचं उत्तर मला वाचायला मिळालं नाही. आलं होतं. ते पुढे लिहिते.

बुधवारी यांची सुटी लवकर झाली, मला ठाऊक नव्हतं. मी आईंच्या खोलीत, टेबल आणि भिंत यांच्या मधल्या सांदीत जमिनीवर बसले होते, मागचा कागद पुन्हा चिकटवायला. दाढोबा माझ्या छातीशी शालीवर पोट टेकून पडला होता. तो असा पडला की मी हलत नाही, विश्वासाने आलेल्या जिवाला दचकवायचं नाही एवढं शिकले आहे.

दार उघडलं. हाक मारायला मी तोंड उघडलं होतं. पण तेवढ्यात माझ्या तळहाताखाली दाढोबा कागदासारखा चपटा झाला आणि त्याची दाढी काळी पडत गेली. अशा वेळी आवाज करायचा नाही, हात काढायचा नाही. म्हणून गप्प राहिले. वन्सं, मी चोरून ऐकायला बसले नव्हते, एवढं ध्यानात घ्या. सरड्यापाशी बसायची जी रीत आहे, तशी बसले होते.

टेबलाच्या कडेने मला पलंगाची उशाकडची बाजू दिसत होती. यांनी बूट काढून भिंतीशी जोडीने ठेवले. खुर्ची ओढली. आईंना हळुवार उचलून उशांना टेकवलं, गळ्याशी पंचा लावला. बघणाऱ्याने म्हणावं, किती माया. मग तांब्यातून पेला भरला आणि आईंच्या ओठांपासून चार बोटांवर धरला.

"'पाणी' म्हण."

आईंचे ओठ हलले.

"घाई नाही. नीट म्हण. एका दमात. अडखळलीस तर परत पहिल्यापासून."

आवाज अगदी शांत. शिकवणीचे मास्तर बोलतात तसा. आईंच्या घशातून काहीतरी घरघरलं. मग त्यांचा डावा हात वर आला आणि सावकाश गोल फिरला.

"हात नको. हाताने मागतात ते भिकारी. कुणाचं वाक्य आहे हे? आठवतं का?"

मग उठले आणि तो पेला खिडकीतून बाहेर ओतला. बारीक धारेने, आईंना दिसेल असा. परत भरला. परत चार बोटांवर धरला. तांब्या रिकामा होईपर्यंत हेच चाललं होतं. त्यात राग नव्हता, वन्सं. राग असता तर मी उठले असते. ते एखादं नेमाचं काम असल्यासारखं करत होते, मी जप करते तसं. शेवटी पंच्याचं टोक ओलं करून आईंचे ओठ पुसले. नुसते पुसले. "छान. उद्या परत बसू."

दाढोबाचं काळीज माझ्या तळव्याला लागत होतं. की माझंच होतं, सांगता येत नाही.

जाताना हे दारात थांबले. मागे वळले नाहीत. म्हणाले, "दिवा वेळेवर बंद कर. बिल येतं."

आईंना तो दिवा बंद करता येत नाही.

हे गेल्यावर मी दाढोबाला पेटीत ठेवला, हात धुतले, देवघरातला चमचा घेतला आणि आईंना थेंब थेंब पाणी दिलं, सरड्याला देते तसं, ओठांवर सोडून, त्यांनी चाटून घेईपर्यंत थांबून. असं दिलं की ठसका लागत नाही. हे मला आधी का सुचलं नाही? त्या पीत राहिल्या. बऱ्याच वेळाने त्यांच्या डोळ्यांतून पाणी आलं. मला बरं वाटलं, डोळ्यांत येण्याइतकं पाणी अंगात पोचलं होतं.

तेव्हापासून रोज दुपारी तसंच देते आहे. यांना सांगितलं, "डॉक्टरीणबाई म्हणाल्या, संध्याकाळी त्या खोलीत मी सोडून कुणी जायचं नाही, सरड्याला शांतता लागते. आईंचं मी दुपारीच उरकत जाईन." हे म्हणाले, "बरं." एवढंच. भांडण नाही, प्रश्न नाही. आता संध्याकाळी खुर्ची पॅसेजमध्ये, आईंच्या दाराबाहेर टाकून बसतात. हातात भरलेला पेला असतो. पीत नाहीत. दाराखालच्या फटीतून त्यांच्या पायांची सावली आत येते, आणि आत दोघं हात करत राहतात, एकदा पेटीतून, एकदा पलंगावरून. मी दोघांच्या मधे बसून असते.

लग्नाला इतकी वर्षं झाली. यांनी माझ्याकडे कधी पाणी मागितलेलं मला आठवत नाही. पेला उचलून दाखवतात, किंवा स्वतः उठून घेतात. मला वाटायचं, किती साधा माणूस, बायकोला त्रास देत नाही. बोलण्याआधी जरा थांबतात, शब्द निवडून बोलतात, तर मला वाटायचं विचारी आहेत. लग्नात तुमच्या कुणा काकूंनी हसत म्हटलं होतं, "लहानपणी बोलताना फार अडखळायचा, आईने सुधारला." मी ते कौतुकाने ऐकलं होतं. 'पाणी' हा शब्द यांच्या तोंडून मी पहिल्यांदा त्या खोलीत ऐकला. एकदाही न अडखळता.

वन्सं, तुम्ही धाकट्या. लहानपणी जेवणाच्या पाटाशी तुम्हीही बसलेल्या असणार. पेला कुणी धरला होता आणि कोण वाट बघत होतं, हे तुम्ही पाहिलं असणार. म्हणून तुम्ही या घरात येत नाही का? हे मी दोष द्यायला विचारत नाही. उत्तर द्यायला नको असेल तर देऊ नका. आईंनी तेव्हा केलं ते देवासमोर आहे, यांनी आता केलं तेही आहे. त्याचा निवाडा करायला मी कोण, मॅट्रिक झालेली बाई. मला यांचीही कीव येते, हे लिहायला लाज वाटते पण येते. एखादं पोर किती दिवस तहानलेलं राहिलं असेल की म्हातारपणाच्या उंबऱ्यावरही त्याची तहान गेली नाही. पण आज तहान आईंना लागली आहे, आणि ती भागवणं माझ्याकडे आलं आहे.

हे तुम्हाला पत्रानेच का, तेही सांगते. फोन यांच्या खिशात असतो, तुमचा नंबरही त्यातच. घरी येणारे डॉक्टर यांचे मित्र, त्यांच्यापुढे मी काय बोलणार? टपालाच्या पेटीची किल्लीही यांच्याकडे आहे. गेल्या आठवड्यात माझ्या नावाचं एक पाकीट आलं होतं. हे ते हातात धरून उभे राहिले आणि हसून म्हणाले, "कुणाचं आहे, वाचून दाखव." मी पाठवणाऱ्याचं नाव वाचलं. "नीट." मी परत वाचलं. वाचताना अडखळले. पाकीट त्यांनी खिशात घातलं. ते तुमचं होतं.

परवा जेवताना मी पाणी मागितलं. तांब्या हातात घेऊन यांनी मला विचारलं, "काय म्हणालीस?" मी परत म्हटलं, मग दिलं. चेष्टाच असेल. मी आता जेवायला बसायच्या आधी स्वतःचा पेला भरून घेते.

म्हणून आता नेमकं मागते. मला आईंना तिथून हलवायचं आहे. डॉक्टरीणबाईंकडे मोठी जनावरं न्यायची गाडी आहे, तिच्यात आडवं निजवून आणता येतं. मी त्यांना सगळं सांगितलं नाही, पण त्यांनी मला ते पहिल्या भेटीत विचारलं होतं, घरात कुणी त्रास देतं का म्हणून, आणि आज परत विचारलं. मी मानेनेच हो म्हटलं. त्या म्हणाल्या, "वार सांगा, मी सकाळी येते." हे कामावर गेल्यावर निघालो की दुपारपर्यंत तुमच्याकडे पोचू. तुम्हाला खालच्या मजल्यावरची एक खोली द्यावी लागेल, खिडकी नसली तरी चालेल. आईंचं सगळं मी करीन, तुम्ही त्यांच्यासमोर यायलाही नको. त्यांच्याशी बोला असंही मी म्हणणार नाही. तुमच्या मनात जे आहे ते असू दे, फक्त दार उघडा. दाढोबालाही आणते, त्याला त्या खोलीत एकटा मागे ठेवणार नाही. येण्याचा खर्च माझा.

घरचा पत्ता घालू नका. पाकिटावर दवाखान्याचा घाला, मागच्या बाजूला लिहिला आहे. जास्त काही लिहायला नको, नुसता वार लिहा. तुम्हाला जमणार नसेल तर तेही लिहा, राग धरणार नाही, मला दुसरं दार शोधायला वेळ मिळेल. पण गप्प राहू नका, वन्सं. ज्यांना बोलता येतं त्यांनी तरी.

उलट टपाली कळवा. तोवर मी आईंच्या पलंगाशी खालीच अंथरूण घालते आहे.

तुमच्या उत्तरावर डोळे लावून बसलेली,
तुमची वहिनी